स्टॉलिड म्हणजे काय, अक्का?

नाशिक,
२८ जानेवारी २०२५

ती. अक्कांच्या चरणी उज्वलाचा शि. सा. नमस्कार. वि. वि.

पत्राच्या डोक्यावर श्री घातली नाही, रागावू नका. हात गेला होता, पण आमची मखमलाबादची आई म्हणायची, घरातलं माणूस गेलं की वर्ष सरेपर्यंत श्री लिहायची नाही. तुम्ही शिकलेल्या, तुम्हाला हे पटायचं नाही. पण राहू द्या.

तुम्हाला ऐकू येत नाही म्हणून फोन करता येत नाही. लेकीच्या, हर्षालीच्या मोबाइलवरून मेसेज पाठवला तर तो तुम्ही शेजारच्या झुंबरबाईंकडून कागदावर मोठ्या अक्षरांत उतरवून घेता, म्हणजे संध्याकाळपर्यंत आमच्या घरातलं नांदगावभर. तेव्हा पत्रच बरं. पोस्टात पाकीट मागितलं तर खिडकीतली मुलगी माझ्याकडे बघतच राहिली.

हे जाऊन दोन महिने होऊन गेले. कंपनीची बस अजून सकाळी आपल्या कोपऱ्यावर हॉर्न देते. ड्रायव्हरला सवय पडलेली, दुसरं काय. मग त्याच्या लक्षात येतं आणि तो चोरासारखा गाडी पुढे काढतो. मला त्याचीच दया येते. हर्षाली लॅबमध्ये जाते, आल्यावर माझ्याशेजारी बसून राहते. आम्ही दोघी टीव्ही लावतो आणि बघत नाही.

आता कामाचं. कंपनीतून निकिता नावाची मुलगी घरी आली होती, ऑफिसात कामगारांचं बघते. चार मार्चला त्यांच्याकडे सुरक्षा दिवस असतो. त्या दिवशी ह्यांच्या क्रेनखाली, शेडच्या खांबावर ह्यांच्या नावाची पितळी पाटी लावणार आहेत. इतकी वर्षं क्रेन चालवली, पण खाली उभ्या माणसाला कधी खरचटलंसुद्धा नाही, म्हणून. पाटीवरचा पडदा मी काढायचा. पाटी कोरून झाली आहे, तिचा फोटो तिनं हर्षालीच्या मोबाइलवर पाठवला. त्यात इंग्रजीत आहे, आमचे स्टॉलिड सहकारी. बाकी सगळं हर्षालीनं वाचून दाखवलं आणि त्या एका शब्दाशी अडली. लॅबला उशीर होत होता, म्हणाली, मजबूत असं काहीतरी असेल. असेल म्हणजे काय? तुमच्या भावाच्या नावाला कायमचा चिकटणार तो शब्द.

तुम्ही जन्मभर लोकांच्या पोरांना इंग्रजी शिकवलंत, एक शब्द भावजयीला फुकट सांगा. स्टॉलिड म्हणजे काय, अक्का?

गुडघ्याला तेल लावता का? आळस करू नका. माया आहेच, ती अशीच राहू द्या.

आपली,
उज्वला

&nbsp;

नांदगाव,
४ फेब्रुवारी २०२५

चि. उज्वलास अनेक आशीर्वाद.

पत्र मिळालं. श्री मीही घातलेली नाही. पटण्या-न-पटण्याचा प्रश्न नाही, हात धजला नाही. धाकटा भाऊ आधी गेला की मोठ्या बहिणीला कसलेच नियम सांगू नयेत कोणी.

झुंबरबाईंना नावं ठेवू नकोस. मोतीबिंदूनं मला त्या मोबाइलवरची मुंग्यांएवढी अक्षरं दिसत नाहीत, तुझं हे टपोरं अक्षर दिसतं. आणि खबर नांदगावभर होते ती मी सांगते म्हणून, त्या बिचारीमुळे नाही. लोक भेटायला येतात, संतोषबद्दल काय काय बोलतात. मला ऐकू येत नाही हे त्यांच्या लक्षात राहत नाही. मी मान हलवते. एका अर्थी बरंच आहे ते.

आता तुझा शब्द. स्टॉलिड म्हणजे स्थिर. इंग्रजीत या घराण्याचे पुष्कळ शब्द आहेत. स्टेडी सगळ्यांना ठाऊक, टेबलाचा पाय स्टेडी असतो. स्टेबल हॉस्पिटलवाले वापरतात. त्या दिवशी सकाळी संतोषबद्दल आपल्याला तोच सांगितला होता, आणि दुपारी काय झालं ते आपण पाहिलं. तेव्हापासून त्या शब्दावर माझा राग आहे. स्टेडफास्ट म्हणजे दिल्या वचनाला जागणारा. त्यातला फास्ट म्हणजे घाईचा नव्हे, कपड्याचा रंग फास्ट असतो तो, पक्का. मुलं दरवर्षी तिथे चुकायची. आणि स्टॉलिड हा त्यांचाच भाऊबंद, पण क्वचित भेटणारा. प्रसंग कसाही येवो, जो डगमगत नाही तो स्टॉलिड.

चांगला शब्द आहे. ज्यानं शोधून काढला त्याला शाबासकी दे. पाटी लावू दे आणि तू पडदा काढायला जा. चांगली साडी नेस, कोणी काय म्हणेल याचा विचार करू नकोस.

हर्षालीला आशीर्वाद. तिला म्हणावं, ‘असेल’ हे उत्तर माझ्या वर्गात चालत नव्हतं.

तुझी,
अक्का

&nbsp;

नाशिक,
१२ फेब्रुवारी २०२५

ती. अक्कांना उज्वलाचा शि. सा. नमस्कार.

तुमचं पत्र आलं त्या दिवशी मला फार बरं वाटलं. डगमगत नाही तो, असं मी स्वयंपाक करताना दोन-तीनदा म्हणून बघितलं. माझा भाऊ फुलांच्या गाड्यावरून येताना थांबला, त्यालाही सांगितलं. तोही म्हणाला, बरोबर लिहिलंय.

पण अक्का, तुम्ही मला अर्धंच सांगितलंत.

निकिताला पाटीबद्दल कळवायचं म्हणून हर्षालीनं तो शब्द मोबाइलवर बघितला. दोन दिवस पोरगी माझ्याशी नीट बोलेना. शेवटी मी तिला समोर बसवलं. तिनं हळूहळू वाचून दाखवलं. निर्विकार. ज्याला भावना होत नाहीत किंवा दाखवता येत नाहीत असा. जड. मख्ख. अक्का, मख्ख! तुम्ही मास्तरीण, तुम्हाला हे ठाऊक नव्हतं असं मला सांगू नका.

मख्ख हा माझा शब्द आहे. महेश गेला त्या दिवसापासूनचा. तुम्ही होताच तेव्हा. एकोणीस वर्षांचं पोरगं, हायवेवर फाट्यापुढच्या कटाशी, दुभाजक तोडून वळायला जागा ठेवलीय तिथं, ट्रकनं उडवलं, आणि बापाच्या डोळ्याला पाणी नाही. ह्यांनी सगळं केलं. पोलिसांचं केलं, हॉस्पिटलातून त्याला आणलं, आल्यागेल्याला पाणी दिलं, माझ्या बहिणीला नेऊन घरी सोडलं. आणि दिवस झाल्यावर दुसऱ्या सकाळी डबा मागितला. मी म्हटलं, आज? तर म्हणाले, बस येईल. तेव्हा मी जे बोलले ते तुम्हाला लिहीत नाही. त्यात हा शब्द होता. आणि मग पुढची आठ वर्षं भांडण निघालं की हाच निघायचा. त्यावर कधी उलटून बोलले नाहीत, जेवायला बसायचे. मला त्याचाच संताप यायचा.

आता माझ्या मनात एकच आहे, ते तुम्हालाच विचारता येतं. ह्यांना महेशचं दुःख झालं होतं का? जगाला काय वाटतं ते मला नको. मी ह्या माणसाबरोबर संसार केला आणि हे मला माहीत नाही. आता विचारायला माणूस राहिला नाही, आणि पाटीवर पितळेत कोरून आलंय की नव्हतं झालं.

महेश गेल्यावर हे एकदा एकटेच तुमच्याकडे आले होते. मला म्हणाले, अक्काचा नळ गळतोय. अक्का, तेव्हा ते तुमच्यापाशी रडले का? रडले असतील तर लिहा. नसतील रडले तरी, तुम्हाला माझी दया येत असेल तर, तसं लिहा. मी परत विचारणार नाही.

हर्षाली निकिताला काही बोललेली नाही. मी जाईन की नाही ते मलाच ठाऊक नाही.

चुकलं असेल तर पदरात घ्या.

आपली,
उज्वला

&nbsp;

नांदगाव,
१९ फेब्रुवारी २०२५

चि. उज्वलास आशीर्वाद.

तुझं पत्र घेऊन मी दोन दिवस बसले. उत्तर लिहिलं आणि फाडलं. त्यात संतोष माझ्या ओट्यावर ढसाढसा रडला होता. लिहिताना माझेच डोळे भरले, इतकं छान लिहिलं होतं. मग वाटलं, हे वाचून तू शांत झोपशील, आणि त्या झोपेत खरा संतोष कुठेच नसेल. म्हणून फाडलं.

तो रडला नाही गं. आला, नळ खरंच गळत होता, तो दुरुस्त केला. मी पिठलं-भाकरी केली, ती खाल्ली. मी मुद्दाम महेशचं लहानपणचं काढलं, कारण मलाच रडायचं होतं आणि एकटीला जमत नव्हतं. तो ऐकत राहिला. म्हणाला, अक्का, ताक आहे का? ताक पिऊन भिंतीशी आडवा झाला तो दिवस कलेपर्यंत झोपला. उठला आणि एस.टी. गाठली. मला तेव्हा त्याचा राग आला होता, तो आज पहिल्यांदा सांगते. लहानपणीही असाच. पडला, फुटला तरी आवाज नाही. आई म्हणायची, ह्या पोराला लागतं की नाही तेच समजत नाही.

आता अर्ध्या उत्तराबद्दल. अर्ध्या उत्तराला अर्धे गुण, हा माझाच नियम, तो मला लागू कर. तुला तो दुसरा अर्थ कळू नये एवढीच इच्छा होती. पण एकदा कळलाच आहे तर सगळा कळू दे. मोबाइल सांगतो तो अर्थ खरा आहे, पण शब्द कोणाच्या तोंडी आहे त्यावर पुष्कळ असतं. तोफा चालू असताना जागेवरून न हललेल्या शिपायाला इंग्रज स्टॉलिड म्हणतो, तेव्हा ती वाहवा असते. खिडकीपलीकडे बसून आपलं ऐकूनच न घेणाऱ्या कारकुनाला म्हणतो, तेव्हा शिवी. आपण गाईला गरीब म्हणतो की नाही? तोच शब्द माणसाला लावला की अर्थ वेगळा होतो. आणि आणखी एक लक्षात घे. हा शब्द माणसाच्या चेहऱ्याबद्दल आहे. आत काय चाललंय ते त्या शब्दाला ठाऊक नसतं. मलाही ठाऊक नव्हतं, आणि मी त्याला कडेवर घेऊन वाढवलेला.

तुझ्या प्रश्नाचं उत्तर माझ्यापाशी नाही, उज्वला. असतं तर तुझ्यापासून लपवलं नसतं.

पण पाटीचं मात्र आपल्या हातात आहे. कंपनीत जा. तिथल्या लोकांना विचार की हा शब्द का घातला. ज्यानं घातला त्याला अर्थ माहीत नसेल तर बदलून घे. माहीत असूनच घातला असेल तर मला कळव, मी इथून त्यांना असं इंग्रजी पत्र लिहीन की वाचताना उभे राहतील.

एकटी जाऊ नकोस, हर्षालीला ने. जेवत जा. माझं काळजी करणं तुला आवडत नाही हे ठाऊक आहे, तरी ते गोड मानून घे.

तुझी,
अक्का

&nbsp;

नाशिक,
६ मार्च २०२५

ती. अक्कांच्या चरणी उज्वलाचा शि. सा. नमस्कार.

तुम्ही ते पत्र फाडलंत म्हणून आधी दोन दिवस तुमच्यावर रुसले होते. आता नाही. का ते सांगते, जरा लांबण लागेल.

गेल्या आठवड्यात हर्षालीला घेऊन अंबडला कंपनीत गेले. निकितासमोर बसले आणि सरळच विचारलं. अक्का, ती पोरगी पांढरीफटक पडली. तिनं पाटीसाठी शेडमधल्या सगळ्यांना विचारलं होतं, संतोषभाऊ कसे होते, एका शब्दात सांगा. तर झाडून सगळे म्हणाले, सॉलिड माणूस. आता ही इंग्रजी शाळेत शिकलेली. तिला वाटलं, सॉलिड हे आपलं गल्लीतलं बोलणं, पितळेवर शोभणार नाही. म्हणून कॉम्प्युटरवर त्याच्यासारखा भारी शब्द शोधला. त्यानं स्टॉलिड दिला आणि पुढे लिहिलं, शांत, भरवशाचा. तिनं तेवढंच वाचलं. मला म्हणाली, “काकू, मी त्यांना कधी भेटले पण नव्हते.” आणि रडायलाच लागली. तिला पाणी द्यायचं काम माझ्याकडे आलं.

मग बहिरूभाऊंना बोलावलं. हे वर क्रेनमध्ये असायचे तेव्हा खाली उभं राहून हातानं इशारे करणारे ते. त्यांनी पाटी हातात घेतली, बोट फिरवलं आणि म्हणाले, हात्तिच्या, यात फक्त टी जास्त हाय. तेवढा बुजवून, पितळ भरून घासून देतो, सॉलिडच राहील. मधी जरा जागा सुटलेली दिसंल, पण सांगितल्याशिवाय कळायचं नाय. सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं. मला काय झालं कोण जाणे, मी म्हटलं, आधी मला ह्यांची क्रेन दाखवा.

ह्यांच्यामागं ती क्रेन बंदच आहे, अजून माणूस मिळालेला नाही. वर चढू द्यायला निकिता तयार नव्हती. पण मी पंजाबी ड्रेस घालूनच गेले होते. डोक्यावर हेल्मेट चढवलं, पुढे बहिरूभाऊ, मागे हर्षाली, आणि ती उभी लोखंडी शिडी चढले. मधे गुडघ्यांनी नको म्हटलं, तरी चढले. चढता चढता बहिरूभाऊ सांगत होते की साहेबांनी भाऊंना खाली सुपरवायझर करायचं किती वेळा काढलं, पगार जास्त, ऊन-धग नाय, पण भाऊ म्हणायचे, मला वरच बरं हाय. अक्का, हे मला घरी कधी कळलं नाही.

वर काचेची एवढीशी केबिन. एक खुर्ची, दोन दांडे. काचांवर तेलाचा आणि काजळीचा थर, समोर खाली बघायला तेवढा भाग पुसलेला. पण डाव्या बाजूची एक काच होती, ती अख्खी स्वच्छ. वर इतक्या दिवसांची बारीक धूळ बसलेली, पण खाली डाग म्हणून नाही. मी बहिरूभाऊंना विचारलं, ही एवढी का पुसलेली? ते म्हणाले, “तेच आम्हाला पण कळत नव्हतं, वहिनी. तिकडं तर भिंत. लोड कधी तिकडं जात नाय. पण भाऊ रोज सकाळी ओलं फडकं मागायचे आणि पहिली तीच काच पुसायचे.”

मी ह्यांच्या खुर्चीत बसले. भिंत आहे, पण ती वर छतापर्यंत जात नाही, हवा यायला पत्र्याखाली फट सोडलेली आहे. खाली उभं राहून त्यातून आभाळाशिवाय काही दिसत नसेल. त्या खुर्चीतून हायवे दिसतो. आणि हायवेवरचा तो कट दिसतो. महेशचा.

बहिरूभाऊंना माहीत नाही की तो कट कुठला. त्या शेडमध्ये कोणालाच माहीत नाही. हर्षालीनं बघितलं आणि माझा खांदा धरला. मला आठ वर्षं वाटायचं की आमचं पोरगं तिथं रस्त्यावर एकटं पडलंय. तो एकटा नव्हता, अक्का. त्याचा बाप रोज तिकडं तोंड करून बसत होता. म्हणून दुसऱ्या दिवशी डबा मागितला. बस येईल म्हणाले, ते म्हणून म्हणाले.

खाली आल्यावर बहिरूभाऊंनी परत विचारलं, टीचं काय करायचं? मी म्हटलं, “काढा तो. मख्ख मी म्हणायचे त्यांना, तुम्ही नाही.” ते हसले, आणि मग हसू आवरून दुसरीकडं बघायला लागले.

परवा कार्यक्रम झाला. पडदा मी काढला, तुम्ही सांगितल्याप्रमाणे चांगली साडी नेसून. शब्दात जरा जागा सुटल्यासारखी दिसते, पण वाचता येतं. लोकांनी टाळ्या वाजवल्या. चहा-वेफर्स झाले. तुमच्यासाठी फोटो मोठा करून घेतला आहे, पाठवते.

परत येताना हर्षालीनं गाडी सवयीनं आतल्या रस्त्यानं वळवली. महेश गेल्यापासून मी त्या कटावरून गेलेलीच नाही. लग्न असो, दवाखाना असो, हे मला लांबच्या रस्त्यानं फिरवून न्यायचे, कधी कुरकुर केली नाही. मी हर्षालीला म्हटलं, हायवेनं घे. कटाशी तिला गाडी बाजूला लावायला सांगितली आणि उतरले. ट्रक धडधडत जात होते. तिथून कंपनीचं शेड दिसतं, पत्र्याखालची फटसुद्धा दिसते. आत कोणी नाही हे ठाऊक असून मी तिकडं बघत उभी राहिले.

आठ वर्षांत एकदा जरी मी तिथं येऊन उभी राहिले असते, अक्का, तर ह्यांना मी दिसले असते.

प्रकृतीला जपा. आता तुम्हीच आहात मला, तेव्हा जीव लावलेला कमी होऊ देऊ नका.

आपली,
उज्वला